कानमास्तरांची निद्रानाद पद्धत

निवृत्त होऊन तीन आठवडे झाले नाहीत तोच सासऱ्यांनी स्वयंपाकघरातल्या फ्रीजला कान लावला आणि सूनबाईने हातातलं लाटणं खाली ठेवलं.

"उजव्या अंगाला कण्हतोय," ते डोळे मिटून म्हणाले. "हा काही फार दिवसांचा सोबती नाही."

"बाबा, दोनच महिन्यांपूर्वी घेतलाय."

"तेच म्हणतोय. इतक्या कोवळ्या वयात कण्हतोय."

कागदाच्या कारखान्यात त्यांना सगळे कानमास्तर म्हणत. एका लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक यंत्राला टेकवायचं, मूठ कानाला लावायची आणि "हे बेअरिंग गुरुवारी जाईल" असं सांगायचं. बेअरिंग बिचारं गुरुवारी जायचं. छत्तीस वर्षं दिवसपाळीला असं चाललं. मग कारखान्याने यंत्रांना छोट्या छोट्या चकत्या चिकटवल्या. त्या चकत्या यंत्राची थरथर मोजून परस्पर संगणकाला कळवू लागल्या, आणि कानमास्तरांना एक भिंतीवरचं घड्याळ देऊन निरोप देण्यात आला. घड्याळ त्यांनी दुसऱ्याच दिवशी उघडलं. टिकटिक लंगडी आहे म्हणाले.

सूनबाईचंही पोट कानावरच चालायचं. कान-नाक-घशाच्या दवाखान्यात ती लोकांना काचेच्या खोलीत बसवून, हेडफोन घालून, बारीक बारीक आवाज ऐकवायची. ऐकू आलं की त्यांनी बटण दाबायचं. त्यामुळे सासऱ्यांचं आणि तिचं पहिल्यापासून गूळपीठ. तिचा नवरा बंदरावर क्रेन चालवायचा, दिवसभर उंचावर एकटा बसायचा आणि घरी आल्यावरही घरातल्या भानगडींकडे तितक्याच उंचीवरून बघायचा.

राहता राहिल्या सासूबाई. त्या तीस वर्षं वाचनालयात ग्रंथपाल होत्या. भिंतीवर 'शांतता राखा' अशी पाटी होती खरी, पण ती नवख्यांसाठी. जुन्या वाचकांना सासूबाईंची नुसती नजर पुरायची. एकदा एका गृहस्थांना शिंक आली तर त्यांनी ती बाहेर जाऊन दिली होती म्हणे. घरीही चमचा ताटलीवर आपटला तर त्या मान वळवून बघत. दुपारी दोन वाजता त्या खिडकीजवळच्या आरामखुर्चीत एखादं जाडजूड पुस्तक घेऊन बसत. त्याच खोलीत पलंगावर कानमास्तर आडवे होत आणि पाठ टेकताच ढाराढूर होत.

एका मंगळवारी कानमास्तर दुपारच्या झोपेतून ताडकन उठून बसले आणि म्हणाले, "टाकी!"

स्वप्नात म्हणे एक लांबलचक बोळ होता, दोन्ही बाजूंना बंद दारं, आणि एका दारामागे कोणीतरी पत्र्याचा डबा हळूहळू चेपत होतं. त्याच संध्याकाळी गच्चीवरच्या टाकीचा फ्लोट तुटला आणि तीन मजल्यांचा जिना न्हाऊन निघाला.

"योगायोग," मुलगा म्हणाला.

"निदान," कानमास्तर म्हणाले, आणि दुसऱ्या दिवशी वही घेऊन बसले.

वहीत तीन रकाने होते: आवाज, दिशा, दोष. अक्षर सूनबाईचं, कारण मास्तरांचं अक्षर मास्तरांनाही लागत नसे. स्वप्नाच्या जगाचे नियम वेगळे, असं त्यांचं म्हणणं. तिथे आवाज आधी पोचतो आणि घटना मागून धापा टाकत येते. तिथला एकही आवाज बिनमालकाचा नसतो. मालक सापडला की अर्थ लागला. कोरडा, खरखरीत आवाज असेल तर घरात कोणीतरी रुसलंय, तेल घाला, म्हणजे दोन शब्द गोड बोला. ओला, ठिबकणारा आवाज म्हणजे एखादं काम अर्धवट राहिलंय. लाकडावरची ठकठक म्हणजे पाहुणे. ठकठक डावीकडून आली तर सासूबाईंच्या माहेरचे आणि मुक्कामाला.

"यात शास्त्र कुठलं?" सासूबाईंनी पुस्तकातून मान वर न काढता विचारलं.

"अगं, छत्तीस वर्षं कारखान्यात हेच तर केलं. तिथे लोखंड बोलायचं, इथे झोप बोलते."

या सगळ्या पसाऱ्याचं नाव पडलं निद्रानाद पद्धत. आणि तिच्या मुळाशी एक आवाज होता. मास्तरांनी त्याला आद्यनाद म्हटलं होतं. तो रोज यायचा. बोळाच्या अगदी टोकाला, भिंतीपलीकडे, एक अवाढव्य यंत्र चालू असल्यासारखा: खालून भरत भरत चढायचा, मग क्षणभर थांबायचा, आणि मग एक बारीक शीळ घालून खाली उतरायचा. त्याबद्दल सांगताना मास्तरांचा चेहरा उजळायचा.

"सूनबाई, असं यंत्र मी जन्मात पाहिलं नाही. काय त्याची चाल! हे चालू आहे तोवर या घराला धक्का लागायचा नाही. थांबलं तर घरातलं एक माणूस गेलं, लिहून ठेव."

तिने लिहून ठेवलं.

टाकीची गोष्ट जिन्यातून पाझरत खाली गेली आणि शेजारीपाजारी आपापली स्वप्नं घेऊन वर येऊ लागले. मास्तरांची अट एकच: आवाजाचं वर्णन सांगायचं नाही, आवाज काढून दाखवायचा. पहिल्या मजल्यावरचे दातांचे डॉक्टर मोठे भारदस्त गृहस्थ. ते संध्याकाळी येऊन खुर्चीच्या कडेवर बसले, इकडेतिकडे बघितलं आणि खालच्या आवाजात म्हणाले, "बें."

"पुन्हा काढा."

"बेंऽ."

"शेळी तरुण होती की पोक्त?"

"तसं... मध्यमवयीन वाटली."

"मग तशी काढा ना. संकोच कसला? मी बेअरिंगची रडगाणी ऐकलीत, तुमची शेळी ऐकायला काय झालं?"

डॉक्टरांनी डोळे मिटून जी शेळी काढली ती जिन्यात बसलेल्या त्यांच्या दोन पेशंटांनी ऐकली आणि त्यातला एक दाढ तशीच घेऊन घरी गेला. समोरच्या गाणं शिकवणाऱ्या बाईंना स्वप्नात रडणं ऐकू आलं होतं. त्यांना मास्तरांनी तीनदा परत पाठवलं. "फार सुरात रडताय," म्हणाले. "स्वप्नात कोणी एवढं तालात रडत नाही." संध्याकाळी जिन्यात आपापल्या पाळीची वाट पाहणारी माणसं हळूच भुंकण्याचा, कढण्याचा, फाटण्याचा सराव करत बसलेली असत, आणि त्यांच्यामधून वाट काढत सूनबाई कामावरून घरी येई. सासूबाई दार लावून आतल्या खोलीत बसत. त्यांच्या दृष्टीने घराचा बाजार झाला होता.

हे इतकं वाढलं की ज्येष्ठ मंडळाच्या चिटणिसांनी मास्तरांना रविवारी सकाळी व्याख्यानाला बोलावलं. चिटणीस निवृत्त वकील होते. निमंत्रण द्यायला आले आणि उलटतपासणी करून गेले.

"हा जो तुमचा आद्यनाद," वकीलसाहेब म्हणाले, "तो स्वप्नातलाच कशावरून? खोलीतलाच एखादा आवाज तुमच्या झोपेत शिरत नसेल कशावरून? पुरावा काय?"

मास्तरांना हा प्रश्न झोंबला. पण माणूस सचोटीचा. ते गेल्यावर सूनबाईला म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. तुझ्या दवाखान्यातलं ते आवाज टिपायचं यंत्र आण. मी झोपलो की खोलीत लावून ठेव. खोली शांत आणि स्वप्नात नाद, एवढं सिद्ध झालं की वकिलाची वाचा बसेल."

सूनबाईने मोठ्या डॉक्टरीणबाईंच्या परवानगीने रेकॉर्डर आणला. कामावर जाण्यापूर्वी कपाटावर ठेवून चालू केला, संध्याकाळी पर्समध्ये टाकला आणि दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत काचेच्या खोलीत बसून हेडफोन कानाला लावले.

आधी पंख्याची घरघर. मग मास्तरांचा श्वास, अगदी साधा, एखाद्या बाळासारखा. पुस्तकाचं एक पान उलटलं. दुसरं उलटलं. तिसरं अर्ध्यावर राहिलं. आणि मग खालून भरत भरत काहीतरी चढू लागलं. क्षणभर थांबलं. आणि एक बारीक शीळ घालून खाली उतरलं.

सूनबाई इतकी हसली की बाहेरच्या मदतनिसाला वाटलं हेडफोनमधून शॉक बसला. तिने डोळे पुसले, पुन्हा ऐकलं, आणि मग हळूहळू तिचं हसू मावळलं. कारण आता हे सांगायचं कोणाला? मास्तरांना सांगावं तर त्यांच्या पद्धतीचा पायाच उखडतो. सासूबाईंना सांगावं तर... तो विचार तिने तिथल्या तिथे गिळला.

संध्याकाळी नवऱ्याला बाल्कनीत गाठून तिने सगळं सांगितलं.

"मग?" तो म्हणाला. "मी लहानपणापासून ऐकतोय. दुपारी वाचनालय बंद असायचं, आई त्या खुर्चीत मान मागे टाकून वाचायला बसली की आम्ही रेडिओ मोठा करायचो."

"बाबांना कसं नाही कळलं इतक्या वर्षांत?"

"दुपारी बाबा घरी असायचे कधी? आणि रात्री आई कुशीवर झोपते, तेव्हा चकार आवाज नाही. हे सगळं त्या खुर्चीत."

"तू आईंना सांगशील?"

"मी क्रेनवरून उडी मारेन," तो म्हणाला आणि आत गेला.

तिने आपल्या परीने खडा टाकून पाहिला. "आई, दुपारी वाचता वाचता कधी डोळा लागतो का हो?"

"माझा?" सासूबाईंनी चष्मा काढला. "दुपारी? मला दुपारी झोपलेलं कधी पाहिलंयस तू?"

सूनबाईने माघार घेतली आणि दुसरी शक्कल लढवली. दवाखान्याच्या प्रतीक्षाकक्षात पुस्तकांचं एक कपाट होतं. सासूबाईंनी तीन दुपारी येऊन ते लावून दिलं तर काय बहार होईल, असं तिने सुचवलं. सासूबाईंचा चेहरा असा फुलला की सूनबाईला स्वतःचीच थोडी लाज वाटली. मास्तरांना तिने सांगितलं की पहिल्या दिवशी यंत्र नीट लागलं नव्हतं, पुन्हा टिपू. खोली शांत मिळेल, मास्तरांना पुरावा मिळेल, रविवार पार पडेल, सासूबाईंची अब्रू शाबूत. सगळं कसं चोख बसलं होतं.

फक्त एक गोष्ट तिच्या ध्यानात आली नव्हती. पहिल्याच दुपारी, ती एका आजोबांची चाचणी घेत असताना, तिचा फोन वाजला.

"सूनबाई, तू धडधाकट आहेस ना?"

"हो बाबा. काय झालं?"

"यंत्र बंद पडलंय."

"कुठलं?"

"आद्यनाद! बोळात गेलो, टोकापर्यंत गेलो, भिंतीला कान लावला. सामसूम! तुझ्या सासूबाई कुठे आहेत?"

"इथेच आहेत. कपाट लावतायत. 'सोपी पाककृती' हे पुस्तक 'हाडांचे विकार' या खणात सापडलं म्हणून मदतनिसाला बोलतायत."

"मग ती ठीक आहे," मास्तर म्हणाले आणि फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशीही सामसूम. तिसऱ्या दिवशीही. पद्धतीप्रमाणे मुख्य यंत्र थांबलं म्हणजे घरातलं कोणीतरी जाणार, आणि वहीत हे सूनबाईच्याच अक्षरात लिहिलेलं होतं. बाकी सगळे खणखणीत दिसत होते, तेव्हा पाळी आपलीच, असं मास्तरांनी धरलं. त्यांनी आरडाओरडा केला नाही. त्यांनी मुलाला पाण्याचा मुख्य नळ कुठून बंद करायचा ते दाखवलं. लांब स्क्रूड्रायव्हर फडक्यात गुंडाळून त्याच्या हातात ठेवला. खाली जाऊन दातांच्या डॉक्टरांची, शेळीबद्दल भर जिन्यात ओरडायला लावलं म्हणून, माफी मागून आले. जेवायला बसत, दोन घास खात आणि ताट सारत.

"तुमचं पोट बिघडलंय का?" सासूबाईंनी विचारलं. त्या स्वतः रोज संध्याकाळी दहा वर्षांनी तरुण होऊन परत येत होत्या.

"नाही गं. तू जेव. नीट जेव," मास्तर इतक्या मायेने म्हणाले की त्या घाबरल्या.

हा सगळा घोळ आपण घातला हे सूनबाईला आत टोचत होतं. चौथ्या दिवशी तिने अर्ध्या दिवसाची रजा टाकली, "आई, कपाट छान झालं, आज घरीच थांबा," असं सांगितलं आणि दुपारी दोनला खोलीच्या दारात टॉवेलांच्या घड्या घालत बसली. आता सासूबाई खुर्चीत बसतील, बाबा झोपतील, यंत्र सुरू होईल, मिटलं.

सासूबाई खुर्चीत बसल्या. पण बाबा झोपलेच नाहीत.

ते पलंगाच्या कडेवर, गुडघ्यांवर हात ठेवून बसून राहिले. पुन्हा तो रिकामा बोळ बघायचा त्यांना धीर होत नव्हता. पंखा फिरत होता. पुस्तकाचं एक पान उलटलं. दुसरं उलटलं. तिसरं अर्ध्यावर राहिलं, आणि सासूबाईंची मान हळूच मागे टेकली.

आवाज खालून भरत भरत चढू लागला.

मास्तरांची पाठ ताठ झाली. त्यांनी आधी छताकडे बघितलं, मग भिंतीकडे. मग ते उठले आणि कारखान्यात चालत असतील तसे, मान एका बाजूला कलती करून, एक एक पाऊल टाकत आवाजाच्या दिशेने निघाले. खुर्चीपाशी येऊन वाकले. आवाज क्षणभर थांबला, तसा मास्तरांनीही श्वास रोखला. मग बारीक शीळ आली आणि त्यांच्या कपाळावरचे चार केस उडाले.

सूनबाईच्या हातातला टॉवेल तसाच राहिला. आता हे रागावणार, की ओशाळणार, की सासूबाईंना गदागदा हलवून उठवणार, तिला काहीच कळेना. मास्तरांनी मागे वळून तिच्याकडे बघितलं, ओठांवर बोट ठेवलं, कोपऱ्यातलं स्टूल अलगद उचलून आणलं आणि खुर्चीशेजारी बसले. अर्धा तास ते जागचे हलले नाहीत.

सासूबाई जाग्या झाल्या तेव्हा नवरा हातभर अंतरावर बसून टक लावून बघत होता.

"काय बघताय?"

"काही नाही. किती पानं झाली?"

"झाली चाळीसेक," सासूबाई म्हणाल्या.

मास्तर स्वयंपाकघरात आले आणि त्यांनी कुजबुजत्या आवाजात सूनबाईला विचारलं, "तुला माहीत होतं?"

"हो बाबा. पहिल्याच दिवशी टिपलं गेलं होतं. आणि आईंना तिकडे नेलं तेही मीच. चुकलं माझं."

"तिला कळलंय?"

"नाही."

ते फ्रीजला टेकून उभे राहिले. "पुसून टाक ते," म्हणाले. मग दारातून परत वळून, "पण आधी मला एकदा ऐकव."

"तुम्हाला वाईट नाही वाटलं?"

"वाईट? अगं, काय चाल आहे बघितलीस? एक ठोका इकडचा तिकडे नाही! तेल नाही, पाणी नाही, आणि इतकी वर्षं धावतंय." त्या संध्याकाळी ते दोन वेळचं एकदम जेवले.

रविवारी सभागृह भरलं होतं. पहिल्या रांगेत सासूबाई, त्यांच्या शेजारी सूनबाई, मागे अख्खी इमारत. मास्तर उभे राहिले आणि म्हणाले, "मंडळी, पद्धतीत एक दुरुस्ती आहे. स्वप्नातला कुठलाच आवाज बिनमालकाचा नसतो, असं मी सांगत आलो. ते बरोबरच आहे. फक्त मालक स्वप्नात शोधू नका, आधी खोलीत शोधा. डॉक्टर, तुमच्या मागच्या खिडकीचं बिजागर गंजलंय. मी काल बघून आलो. तीच तुमची शेळी."

सभागृहात हशा उसळला. डॉक्टर सगळ्यांत मोठ्याने हसले. त्यांना मोकळं मोकळं वाटलेलं दिसत होतं. पण वकीलसाहेब उभे राहिले.

"म्हणजे आद्यनादही खोलीतलाच?"

"खोलीतलाच."

"मग त्याचा मालक कोण? स्पष्ट सांगा."

सूनबाईने खुर्चीचा दांडा घट्ट धरला. शेजारी सासूबाई, तीस वर्षांची शांतता चेहऱ्यावर घेऊन, नवऱ्याकडे बघत होत्या. मास्तरांनी घसा खाकरला.

"मीच," ते म्हणाले. "मी घोरतो. माझंच घोरणं मला स्वप्नात ऐकू येत होतं, आणि मी मूर्ख त्याला आद्यनाद म्हणत होतो."

यावर जो हशा झाला त्यात मास्तरांचं पुढचं व्याख्यान वाहून गेलं. चहाच्या वेळी बायकांनी सासूबाईंना घेरलं. "मला का माहीत नाही?" सासूबाई सांगत होत्या. "इतकी वर्षं सहन करतेय. बोलले का कधी?"

पण एकदा चारचौघांत कबुली झाल्यावर त्या गप्प बसणाऱ्या नव्हत्या. मंगळवारी त्यांनी नवऱ्याला धरून सूनबाईच्या दवाखान्यात आणलं. प्रतीक्षाकक्षात त्यांनीच लावलेल्या कपाटाखाली दोघं बसली, आणि फॉर्म भरायचं काम नेमकं सूनबाईवर आलं.

"घोरणं कधीपासून?" तिने खाली मान घालून विचारलं.

"लग्न झाल्यापासून," सासूबाईंनी परस्पर सांगितलं.

"आवाज कसा असतो?"

"कसा म्हणजे? भसाभसा. एखादं जनावर चारा खातंय तसा. घुर्र घुर्र घुर्र."

मास्तरांनी बराच वेळ दम धरला. सूनबाईला त्यांची चुळबुळ दिसत होती. अखेर त्यांना राहवलं नाही. "अगं, नाही गं, इतका बेंगरूळ नाहीये तो!" ते कळवळून म्हणाले, आणि डोळे मिटून, मान मागे टाकून, त्यांनी तो आवाज काढला: खालून भरत भरत चढलेला, क्षणभर थांबलेला, आणि शेवटी ती बारीक शीळ. अख्खा प्रतीक्षाकक्ष वळून बघू लागला. ज्यांना कमी ऐकू येत होतं तेसुद्धा.

"बघा!" सासूबाई सगळ्यांकडे वळून म्हणाल्या. "आता तरी पटलं?"

मोठ्या डॉक्टरीणबाईंनी मास्तरांचं नाक तपासलं, घसा तपासला, काही सापडलं नाही, तेव्हा खबरदारी म्हणून दुपारची झोप बंद करायला सांगितलं. मास्तरांनी ते निमूटपणे मान्य केलं. आता दुपारी दोन वाजता ते खुर्चीशेजारच्या स्टुलावर जागे बसतात. वही कपाटात गेली आहे. कधी दाराची घंटा वाजण्याआधीच ते पावलांच्या आवाजावरून उठतात, दार किलकिलं करतात आणि जो कोणी असेल त्याला खुणेनेच थांबवतात. परवा दातांचे डॉक्टर नवं बिजागर बसवल्याचं सांगायला वर आले होते.

"हळू बोला," मास्तर म्हणाले. "ती वाचतेय."

डॉक्टरांनी आतून येणारा आवाज थोडा वेळ ऐकला, मास्तरांच्या तोंडाकडे बघितलं, काहीतरी विचारायला तोंड उघडलं, आणि मग न विचारताच चपला हातात घेऊन जिना उतरले.